बाप आधी की राजा? बर्नार्ड, दुओदा आणि पंधरा वर्षांच्या विल्यमची गोष्ट

नेहमीप्रमाणे ज्यांना ऐकण्यापेक्षा वाचायला आवडतं, किंवा ज्यांच्या इयरफोनने आज दगा दिलाय, त्यांच्यासाठी या भागाचं हे लेखी रूप. बोलताना आलेले "म्हणजे", "बघा" थोडे कमी केलेत, सगळे नाही.

आजची गोष्ट नवव्या शतकातल्या एका फ्रँक सरदाराची आणि त्याच्या घराची आहे. नाव बर्नार्ड. इतिहासाच्या पुस्तकांत त्याला सेप्टिमेनियाचा बर्नार्ड म्हणतात. सेप्टिमेनिया म्हणजे आजच्या फ्रान्सचा दक्षिण किनारा, रोन नदी आणि पिरेनीज पर्वत यांच्या मधला पट्टा. त्याच्या काळातल्या लेखकांना विचारलंत तर हा माणूस कारस्थानी, संधिसाधू, व्यभिचारी आणि शेवटी राजद्रोही. पण याच माणसाच्या बायकोने एक अख्खं पुस्तक लिहून ठेवलंय. त्यात त्याच्याविरुद्ध एक शब्द नाही. हे दोन्ही कागद शेजारी ठेवले की त्या काळात सरदाराच्या घरात जन्माला येणं म्हणजे काय होतं, ते दिसायला लागतं.

आधी थोडी पार्श्वभूमी

फ्रँक ही मूळची जर्मानिक टोळी. आठव्या शतकाच्या शेवटी त्यांचा राजा होता शार्लमेन. आजचा फ्रान्स, बेल्जियम, नेदरलँड्स, जर्मनीचा मोठा भाग, उत्तर इटली, एवढा सगळा पसारा त्याच्या हाताखाली. इ.स. 800 मध्ये रोममध्ये त्याला सम्राटपदाचा मुकुट मिळाला.

एवढं मोठं राज्य चालवायचं कसं? ना रेल्वे, ना तार, ना पगारी नोकरशाही. उत्तर सोपं होतं: भरवशाची घराणी. एकेका प्रांतावर एकेक काउंट नेमायचा. त्याने कर गोळा करायचा, न्यायनिवाडा करायचा आणि बोलावणं आलं की फौज घेऊन हजर व्हायचं. बदल्यात त्याला पद आणि त्यासोबत जमिनीचं उत्पन्न मिळायचं.

आपल्याकडचा वतन आणि सरंजाम यातला फरक आठवतोय? वतन पिढीजात, सरंजाम चाकरीच्या बदल्यात. काउंटचं पद तत्त्वतः सरंजामासारखं होतं. राजाची मर्जी असेपर्यंत तुमचं, मर्जी गेली की पद गेलं. आमच्या भाषेत सांगायचं तर अॅक्सेस तुमच्याकडे, पण अॅडमिन दुसराच. आणि प्रत्येक काउंटला आतून एकच इच्छा असायची, की हे पद आपल्या मुलाला मिळावं. या ओढाताणीत आजची सगळी गोष्ट घडते.

बाप: लढवय्या आणि संन्यासी

बर्नार्डचा बाप विल्यम. शार्लमेनच्या नात्यातला. 790 मध्ये तो तुलूझचा काउंट झाला. 793 मध्ये अंदालुसियातून, म्हणजे मुस्लिम स्पेनमधून, आलेल्या फौजेशी त्याने लढाई दिली. हरला, पण असा लढला की लोकांनी ते लक्षात ठेवलं. 801 मध्ये बार्सेलोना जिंकणाऱ्या फ्रँक फौजेतही तो होता. मग 806 मध्ये त्याने तलवार खाली ठेवली आणि स्वतःच बांधलेल्या जेलोनच्या मठात जाऊन राहिला. पुढे चर्चने त्याला संत मानलं, आणि काही शतकांनी फ्रेंच शाहिरांनी त्याच्यावर वीरगाथांची मालिकाच रचली.

असा बाप म्हणजे मुलाला मोठंच भांडवल. बर्नार्डकडे आणखीही एक भांडवल होतं. शार्लमेननंतर 814 मध्ये गादीवर आलेला सम्राट लुई हा बाप्तिस्म्याच्या नात्याने त्याचा धर्मपिता होता. 29 जून 824 रोजी आखेनच्या राजवाड्यात बर्नार्डचं लग्न झालं. नवरीचं नाव दुओदा. ही तारीख आपल्याला कुठून कळते? तिनेच लिहून ठेवलीय.

दोन वर्षांनी, 29 नोव्हेंबर 826 ला, त्यांना मुलगा झाला. आजोबांच्या नावावरून त्याचं नाव ठेवलं विल्यम.

उंच उडी आणि मोठी पडझड

त्याच 826 साली बर्नार्ड बार्सेलोनाचा काउंट झाला. साम्राज्याचं हे अगदी टोकाचं ठाणं. तिथे बंड पेटलं आणि पुढच्याच वर्षी बंडखोरांच्या मदतीला कोर्दोबाहून फौज आली. सम्राटाने कुमक पाठवली, पण ह्यू आणि मातफ्रीद हे तिचे दोन सेनापती इतके रमतगमत आले, की ते पोहोचेपर्यंत शत्रू लूटमार करून परतसुद्धा गेला होता. बर्नार्डने मात्र बार्सेलोना हातचं जाऊ दिलं नाही. परिणाम: 828 मध्ये त्या दोघांची पदं गेली आणि बर्नार्डचं वजन वाढलं. पण ह्यू म्हणजे साधी असामी नव्हे. सम्राटाचा थोरला मुलगा लोथेर याचा तो सासरा. म्हणजे एका दमात बर्नार्डने नाव कमावलं आणि भावी सम्राटाच्या सासरचं वैरही.

829 मध्ये लुईने त्याला आखेनला बोलावून राजवाड्याचा आणि खजिन्याचा मुख्य कारभारी केलं. शिवाय आपल्या धाकट्या मुलाला, सहा वर्षांच्या चार्ल्सला, त्याच्या हवाली केलं. सांभाळ कर म्हणाला.

या चार्ल्समुळेच सगळा घोळ होता. लुईला पहिल्या बायकोपासून तीन मुलगे होते: लोथेर, पेपिन आणि लुई. 817 मध्येच त्याने राज्याची वाटणी ठरवून टाकली होती. मग त्याने ज्युडिथशी दुसरं लग्न केलं आणि 823 मध्ये चार्ल्स जन्मला. आता चौथा वाटेकरी आला म्हटल्यावर आधीच्या वाटण्या कापाव्या लागणार. 829 मध्ये चार्ल्सच्या नावावर एक प्रदेश करून दिला गेला, आणि थोरल्या भावांचं डोकं फिरलं.

पण सम्राटाविरुद्ध, तेही स्वतःच्या बापाविरुद्ध, बंड करायचं तर कारण चांगलं हवं. मग कारण सापडलं: बर्नार्ड आणि सम्राज्ञी ज्युडिथ यांचे अनैतिक संबंध आहेत, राजवाड्यात जादूटोणा चाललाय, बिचाऱ्या म्हाताऱ्या सम्राटाला त्यातून सोडवायला हवं. राजावर थेट बोट ठेवता येत नसेल तर राणीच्या चारित्र्यावर आणि कारभाऱ्याच्या नियतीवर ठेवा. ही युक्ती तेव्हाही जुनीच होती.

830 मध्ये बंड झालं. बर्नार्ड निसटून बार्सेलोनाला पळाला. ज्युडिथला प्वातिएच्या मठात डांबलं. बर्नार्डचा भाऊ हेरिबर्ट मात्र हाती लागला, आणि त्याचे डोळे काढले गेले.

पुढच्या वर्षी लुई पुन्हा सावरला. ज्युडिथने शपथ घेऊन स्वतःला निर्दोष ठरवलं. बर्नार्डनेही दरबारात येऊन आव्हान दिलं, की ज्याला आरोप करायचाय त्याने समोर येऊन द्वंद्वयुद्ध करावं. कोणीही पुढे आलं नाही. पण त्याला जुनं पद काही परत मिळालं नाही. 832 मध्ये तर तो पेपिनच्या गोटात गेला म्हणून उरलीसुरली पदंही काढून घेतली. मग पुन्हा बाजू बदलली, पुन्हा काही मिळालं.

इथपर्यंत हे राजकारण वाटतं. आता 834 चा प्रसंग ऐका. लोथेरने शालों नावाचं शहर जिंकलं. तिथे बर्नार्डचा आणखी एक भाऊ होता, गॉसेल्म. त्याचं मुंडकं उडवलं. आणि त्याच शहरात त्यांची बहीण होती, गेरबेर्गा. ती नन होती, तिचा या लढाईशी काही संबंध नव्हता. तिला चेटकीण ठरवलं, पिंपात कोंबलं आणि सोन नदीत (फ्रान्समधली सोन, आपली नव्हे) बुडवून मारलं.

म्हणजे बघा, बर्नार्ड स्वतः प्रत्येक वेळी सुटला. किंमत मोजली घरातल्यांनी. एका भावाचे डोळे, दुसऱ्याचं डोकं, बहिणीचा जीव. त्या व्यवस्थेत घराणं ही तुमची ताकद होती, आणि घराणं हीच शत्रूच्या हातात सापडणारी तुमची दुखरी नसही होती.

उझेसमधली बाई

या सगळ्या काळात दुओदा कुठे होती? नवऱ्याच्या हुकमावरून उझेसमध्ये, नीम शहराजवळच्या एका गावात. दरबारात नाही, नवऱ्याबरोबरही नाही. तिकडे राहून ती त्याच्या इलाख्याचा कारभार सांभाळत होती. सीमेवरच्या त्याच्या खर्चासाठी तिने सावकारांकडून कर्जं काढली, ख्रिस्ती सावकारांकडून आणि ज्यू सावकारांकडूनही. का? तिचं म्हणणं, आपल्या सेवेत कमी पडू नये आणि नवऱ्याने आपल्याला व मुलाला टाकू नये, म्हणून. सम्राटाच्या राजवाड्यात लग्न झालेली बाई, आणि तिला ही धास्ती!

जून 840 मध्ये सम्राट लुई वारला आणि उरलेल्या भावांमध्ये उघड युद्ध पेटलं. एकीकडे लोथेर, दुसरीकडे धाकटा लुई आणि चार्ल्स. शिवाय आता वारलेल्या पेपिनचा मुलगा, तोही पेपिनच, अक्विटेनवर हक्क सांगत होता. 22 मार्च 841 ला, उझेसमध्ये, दुओदाला दुसरा मुलगा झाला. थोरल्यानंतर तब्बल चौदा वर्षांनी.

तीन महिन्यांनी, 25 जून 841 ला, फाँतनुआची लढाई झाली. फ्रँकांनी फ्रँकांना कापलं. चार्ल्स आणि लुई जिंकले. या लढाईत चार्ल्सच्या बाजूने लढलेला नितहार्ड नावाचा इतिहासकार सांगतो, की बर्नार्ड रणांगणापासून फक्त तीन कोसांसारख्या अंतरावर फौज घेऊन थांबला होता आणि त्याने कोणालाच मदत केली नाही. निकाल लागल्यावर मात्र त्याने आपला मुलगा विल्यम याला चार्ल्सकडे पाठवलं: हा घ्या, तुमच्या चाकरीत ठेवा, आणि बर्गंडीतली मालमत्ता त्याला द्या.

चौदा वर्षांचा मुलगा. कागदोपत्री तो राजाचा नवा सेवक, खरं तर बापाच्या वागणुकीसाठी ठेवलेला ओलीस.

आणि धाकटा? त्याचा बाप्तिस्मासुद्धा झाला नव्हता. बर्नार्डने उझेसच्या बिशपबरोबर त्याला स्वतःकडे अक्विटेनला मागवून घेतलं. दुओदाला बाळाचं नावही माहीत नव्हतं. आपल्या पुस्तकात ती थोरल्याला तेच लिहिते, की तुझ्या भावाचं नाव मला अजून कळलेलं नाही, पण तो मोठा झाला की हे पुस्तक त्यालाही वाचून दाखव.

पुस्तक

29 नोव्हेंबर 841 ला विल्यमला पंधरावं वर्ष पूर्ण झालं. दुसऱ्याच दिवशी, 30 नोव्हेंबरला, दुओदाने लिहायला घेतलं. संपवलं 2 फेब्रुवारी 843 ला. चौदा महिने. लॅटिनमध्ये लिहिलेलं हे पुस्तक 'लिबेर मान्युआलिस', म्हणजे हाताशी ठेवायचं पुस्तक, म्हणून ओळखलं जातं. त्या काळात युरोपात एका बाईने लिहिलेलं एवढं मोठं पुस्तक ही फार दुर्मिळ गोष्ट आहे.

ती बायबल जाणते, ऑगस्टिन आणि ग्रेगरी जाणते, आकड्यांचे अर्थ लावत बसते, शब्दांच्या व्युत्पत्त्या सांगते. सुरुवातीच्या कवितेत तिने एक कोडं लपवलंय: आद्याक्षरं जोडली की तिचं नाव, मुलाचं नाव आणि त्याला दिलेले आशीर्वाद उमटतात. दूर गेलेल्या पोराने ते बोटाने शोधत वाचावं, अशी तिची कल्पना असावी.

पण पुस्तकाचं मर्म वेगळ्या ठिकाणी आहे. देवानंतर कोणाशी इमान राखायचं, असा प्रश्न ती घेते. काहींच्या मते राजाचा मान सर्वांत मोठा, हे तिला ठाऊक आहे. तरीही ती मुलाला स्पष्ट सांगते, की आधी बाप, मग राजा. बापाने जन्म दिला नसता तर राजाची चाकरी करायला तू असतास कुठे? मग पुढच्या प्रकरणांत राजाशीही प्रामाणिक राहा, दगाबाजी आपल्या घराण्यात कधी नव्हती, असं बजावते.

आता हे कोणाला सांगितलंय बघा. बाप एका बाजूला, राजा दुसऱ्या बाजूला, आणि हा पोरगा राजाच्या छावणीत. ज्या दिवशी दोघं भांडतील त्या दिवशी आईचा सल्ला पाळायचा तर गर्दन धोक्यात, नाही पाळायचा तर घर गेलं. तिला हे कळत नव्हतं असं मला वाटत नाही. दरबार कसा असतो ते तिने नवऱ्याच्या भावंडांच्या मरणातून पाहिलं होतं. पण पद, जमीन, राजा, सगळं बदलणाऱ्या जगात एकच गोष्ट टिकेल असं तिला वाटलं असणार: रक्ताचं नातं.

पुस्तकात एक यादी आहे. ज्यांच्यासाठी विल्यमने प्रार्थना करायची त्या घरातल्या मृत माणसांची. त्यात आजोबा विल्यम आहेत, गॉसेल्म आहे, गेरबेर्गा आहे. ते कसे मेले याबद्दल एक शब्द नाही. चेटकीण म्हणून बुडवलेल्या बाईचं नाव घरच्या यादीत साध्या आदराने आलंय. निषेध नाही, तक्रार नाही, फक्त नाव. राज्याच्या नोंदीत जी गुन्हेगार, ती घरच्या नोंदीत आत्या.

शेवटी ती आपल्या कर्जांचा हिशेब मुलाकडे सोपवते, मी गेल्यावर जमेल तेवढं फेड म्हणते, आणि स्वतःच्या थडग्यावर कोरायचा मजकूरही लिहून देते. तब्येत साथ देत नव्हती. 843 नंतर तिचा कुठेच उल्लेख येत नाही.

पुढे काय झालं

ऑगस्ट 843 मध्ये व्हर्दँचा तह झाला. साम्राज्याचे तीन तुकडे पडले, पश्चिमेकडचा चार्ल्सला मिळाला. पुढच्याच वर्षी, 844 मध्ये, चार्ल्सने तुलूझला वेढा घातला. त्याच मोहिमेत बर्नार्ड त्याच्या हाती लागला. राजद्रोहाचा ठपका ठेवून त्याला मारण्यात आलं. चार्ल्स तेव्हा विशीतला होता. ज्याच्या हवाली बापाने त्याला सहाव्या वर्षी केलं होतं, त्याच माणसाचा जीव त्याने घेतला.

आणि विल्यम? त्याने आईचं ऐकलं. बापाच्या मृत्यूनंतर तो चार्ल्सच्या विरोधात उभा राहिला. 848 मध्ये त्याने आपल्या बापाचं जुनं ठाणं, बार्सेलोना, ताब्यात घेतलं. इतिवृत्तकार म्हणतो, बळापेक्षा कपटाने. 850 मध्ये त्याच बार्सेलोनामध्ये तो पकडला गेला आणि मारला गेला. वय 23.

इथे गोष्ट संपली असती तर ती फक्त दुःखाची राहिली असती. पण ज्याचं नाव आईला माहीत नव्हतं ते बाळ जगलं. त्याचं नाव बापाचंच ठेवलं होतं: बर्नार्ड. बहुतेक इतिहासकारांच्या मते, पुढे 'केसाळ पायांचा बर्नार्ड' या टोपणनावाने गाजलेला ओव्हेर्न्यचा काउंट तो हाच. तरुणपणी त्यानेही बापाचा सूड घ्यायचा प्रयत्न केला, पदं गमावली, पण नंतर थोड्या शहाणपणाने आणि थोड्या नशिबाने अख्ख्या मध्य-दक्षिण फ्रान्समध्ये सत्ता जमवली. तोवर काळही बदलत होता. राजे दुबळे होत होते आणि काउंटची पदं हळूहळू बापाकडून मुलाकडे जायला लागली होती. सरंजामाचं वतन होत होतं. थोरल्या बर्नार्डने ज्यासाठी आयुष्यभर बाजू बदलल्या, ते धाकट्याच्या पिढीला जवळपास आपोआप मिळालं.

या धाकट्याचा मुलगा पुन्हा विल्यम. अक्विटेनचा ड्यूक. 910 मध्ये त्याने बर्गंडीतली आपली एक जागा दान देऊन मठ स्थापला, आणि त्यावर कोणत्याही सरदाराचा हक्क चालणार नाही, अगदी स्वतःच्या वारसांचाही नाही, असं लिहून दिलं. तो मठ म्हणजे क्लूनी. पुढच्या दोन शतकांत युरोपभर शेकडो मठ त्याच्या छत्राखाली आले. ज्या घराने 'हे आपल्या मुलांना मिळालं पाहिजे' यापायी इतकी माणसं गमावली, त्याच घरातल्या एकाने एक जागा अशी सोडली, जी कुणाच्याच मुलांना मिळणार नव्हती.

मागे काय उरलं

दुओदाच्या पुस्तकाची मूळ प्रत उरलेली नाही. नीममध्ये सापडलेली काही जुनी पानं, बार्सेलोनातली चौदाव्या शतकातली एक नक्कल आणि पॅरिसमधली सतराव्या शतकातली एक नक्कल, एवढ्यावर आज आपण ते वाचतो. तीन अर्धवट बॅकअप म्हणा ना. ते नसते तर बर्नार्ड आपल्याला फक्त त्याच्या शत्रूंच्या शब्दांतून माहीत असता, आणि दुओदा मुळीच माहीत नसती.

मी बर्नार्डची वकिली करत नाहीये. तीन कोसांवर थांबून निकालाची वाट बघणारा माणूस होता तो, आणि बायकोच्या कुशीतून बाळ उचलून नेणाराही. पण त्याच्या काळात किती सरदारांनी यापेक्षा वेगळं केलं असतं? वेगळी फक्त एक गोष्ट होती: त्याच्या घरात लिहिणारी व्यक्ती होती. लोथेरच्या घरातून, ह्यूच्या घरातून असं पुस्तक आलेलं नाही. त्यांच्या बायकांनाही कर्जं असतील, त्यांनाही न पाहिलेल्या बाळांची नावं ठाऊक नसतील.

तर मंडळी, आजचा प्रश्न तुमच्यासाठी. दुओदाने मुलाला 'आधी बाप' सांगितलं आणि मुलगा तेवीसाव्या वर्षी गेला. तिने 'आधी राजा' सांगितलं असतं तर तो जगला असता कदाचित. तुम्ही तिच्या जागी असता तर काय लिहिलं असतं? नक्की कळवा, चांगली उत्तरं पुढच्या भागात वाचून दाखवतो.

तोवर ऐकत राहा, वाचत राहा. आणि घरात कोणी आजी, मावशी, आत्या जुन्या गोष्टी सांगत असेल तर फोनवर रेकॉर्ड करून ठेवा. दोन प्रती ठेवा. भेटूया!